काळा कोळसा, पांढरा कोळसा

आमच्या लहानपणी पुण्याच्या घरात महिन्याकाठी कोळशाचं एक पोतं यायचं. वखारवाला पोतं उतरवण्याआधी दोन कोळसे हातात घेऊन एकमेकांवर आपटायचा. काच वाजावी तसा खणखण आवाज आला की म्हणायचा, "मुळशीचा माल आहे, वहिनी." मग आई शेगडीवर भात चढवायची. पोत्याच्या तळाचा चुरासुद्धा ती टाकत नसे. शेणात कालवून त्याचे गोळे वळायचे, गच्चीवर वाळवायचे आणि पावसाळ्यात पाणी तापवायला वापरायचे. मुळशी म्हणजे कोळशाचा एखादा कारखाना असेल, असं मला कितीतरी वर्षं वाटत होतं. ते एक रान आहे आणि त्या रानातली झाडं आमच्या शेगडीत जळून गेली, हे कळलं तेव्हा शेगडी अडगळीत गेली होती.

लाकूडतोडीचा इतिहास म्हटला की डोळ्यांसमोर कॅनडातली, उत्तर अमेरिकेतली चित्रं येतात. हिवाळ्यात बर्फावरून घसरत नेलेले प्रचंड ओंडके, बर्फ वितळल्यावर नदीत सोडलेले तराफे, नदीच्या काठी आरागिरण्या आणि गिरणीभोवती वसलेली गावं. आपल्याकडे हा मान चंद्रपूर-गडचिरोलीकडे जातो. आलापल्लीचा साग, बल्लारपूरचं लाकूड आगार. २०२३ साली अयोध्येच्या राममंदिराच्या दारांसाठी तिथून साग निघाला, तेव्हा वाजतगाजत मिरवणूक निघाली होती. सह्याद्रीच्या उत्तर भागातल्या रानांना असा इतिहास नाही, असं मानायची पद्धत आहे. मला ते पटत नाही. इतिहास आहे, फक्त तो ओंडक्यांचा नाही. तो पोत्यांत भरून गेला.

असं का झालं, ते मुळशीतल्या ताम्हिणीच्या वाटेवर उभं राहिलं की कळतं. घाटमाथ्यावरचं हे रान अंजनी, जांभूळ, पिसा यांचं. वनस्पतिशास्त्रज्ञ उत्तर सह्याद्रीतल्या सदाहरित रानाची ओळख याच तीन झाडांवरून सांगतात. उतारांवर हिरडा, ऐन, किंजळ. वाऱ्याशी झुंजून खोडं आखूड आणि वाकडी झालेली. सरळ, लांब, फळ्या पाडण्याजोगं लाकूड माथ्यावर कमीच. त्यात मुळा ही ओंडके वाहून नेणारी नदी नव्हे. पावसाळ्यात तिच्यापुढे कोणी उभं राहू शकत नाही आणि उन्हाळ्यात तिच्यात डबकी उरतात. खांद्यावरून किंवा बैलगाडीने ओलं लाकूड पुण्यापर्यंत न्यायचं तर हमाली लाकडापेक्षा महाग पडायची. तेच लाकूड रानातच भाजून कोळसा केला, तर वजन पाचव्या-सहाव्या हिश्शावर येतं आणि किलोमागची उष्णता जवळजवळ दुप्पट होते. कोळशाची भट्टी ही मुळात वाहतुकीची युक्ती होती. जिथे नदी नाही, रस्ता नाही, तिथलं रान शहरात न्यायचा तोच एक मार्ग होता.

भट्ट्यांच्या आधीही झाडांचे हिशेब होतेच. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराच्या लाकडाबद्दलचा भाग आहे. साग वगैरे परवानगीने तोडावा, पण रयतेच्या आंब्या-फणसाला हात लावू नये, कारण ती झाडं माणसांनी लेकरांसारखी वाढवलेली असतात. अगदी जुनं झालेलं झाड हवंच असेल तर धन्याला राजी करून, मोबदला देऊन न्यावं, असा त्याचा आशय. अठराव्या शतकाच्या आरंभी लिहिलेला हा मजकूर मी जेव्हा जेव्हा वाचतो तेव्हा थांबतो. झाडाला मालक आहे आणि त्या मालकाला मन आहे, हे राज्यकर्ता तिथे मान्य करतो.

इंग्रजांच्या काळात हिशेब बदलला. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्याने सागवानी जहाजं बांधली, पण त्यांचा साग मुख्यतः मलबारकडचा. आपल्या भागात सरकारची नजर खरी वळली ती १८४७ साली, अलेक्झांडर गिब्सन मुंबई इलाख्याचा पहिला वनसंरक्षक झाला तेव्हा. गिब्सन पेशाने डॉक्टर. त्याआधी तो पुण्याजवळच्या दापुरीची, म्हणजे आजच्या दापोडीची, सरकारी बाग सांभाळत होता. पुढे सहाच वर्षांत, १६ एप्रिल १८५३ ला, बोरीबंदर ते ठाणे रेल्वे धावली आणि दहा वर्षांत बोरघाट ओलांडून मुंबई-पुणे लोहमार्ग सलग झाला. रुळांखालच्या पट्ट्यांना लाकूड, स्टेशनांना लाकूड, मजुरांच्या चुलींना लाकूड. १८७८ च्या जंगल कायद्याने सरकारला हवं ते रान 'राखीव' करायचा अधिकार मिळाला. पुण्याच्या सार्वजनिक सभेने या कायद्याला हरकत घेतली. जोतीराव फुल्यांनी १८८३ च्या 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये जंगल खात्याने शेतकऱ्याचं चराईचं रान कसं हिरावलं, ते संतापाने मांडलं.

मावळातल्या माणसाला हा कायदा राबामुळे झोंबला. राब करायचा, म्हणजे भाताच्या रोपासाठी जमीन भाजायची, तर झाडांच्या फांद्या, पालापाचोळा, शेण, गवत हवं. दरवर्षी ठरावीक झाडांचा टाळ तोडायचा आणि पुढच्या वर्षी त्याच झाडाला फुटवा येऊ द्यायचा, हे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं. साहेबाच्या लेखी तो रानाचा नाश होता. राबाने झाडं खुरटतात हे खरं, ते मी नाकारत नाही. पण बुंध्याशी कुऱ्हाड घालणारा वेगळा होता.

तो म्हणजे भट्टीचा ठेकेदार. मुळशीतलं बरंचसं रान मालकीचं. डोंगरउताराचा वरकस तुकडा कुणाच्या तरी सातबाऱ्यावर, आणि मालक बहुधा कर्जात. व्यापारी यायचा, उभं रान नजरेने मापायचा आणि झाडं न मोजता अख्ख्या डोंगराचा सौदा करायचा. तोडायला आणि भाजायला कातकरी. ज्यांचं नावच खैरापासून काथ करण्याच्या कामावरून पडलं, त्यांच्या हातून जंगल कायद्यांनी खैर काढून घेतला आणि पोटासाठी भट्टी हातात दिली. पावसाळ्यात घरात दाणा नसायचा तेव्हा शेठकडून उचल घ्यायची आणि दिवाळी झाली की बायकापोरांसह रानात जाऊन ती फेडत बसायचं. उचल सहसा फिटत नसे. वेठबिगारी कायद्याने बंद झाली ती १९७६ मध्ये. त्याआधीच्या आणि नंतरच्याही कित्येक वर्षांचा कोळसा या न फिटलेल्या उचलीवर भाजला गेला आहे.

ताम्हिणीच्या अलीकडे एका वाडीवर भट्टीवर आयुष्य काढलेल्या एका म्हाताऱ्या बाबांनी मला ते काम समजावून सांगितलं. अंगणात काटक्या रचून दाखवल्या. उतारावर आधी खळ्याएवढी सपाट जागा कोरायची. मध्ये एक खांब उभा करून त्याभोवती लाकूड उभं रचायचं, जाड आत, बारीक बाहेर. वर पाला-गवताचा थर, त्यावर ओल्या मातीचा लेप. मग खांब काढायचा, त्या भोकातून विस्तव टाकायचा आणि भोक बुजवायचं. आता लाकूड पेटायचं नाही, फक्त शिजायचं. आठ-दहा दिवस, रात्रंदिवस, कोणीतरी जागं राहायचं. माती कुठे भेगाळली आणि वारा आत शिरला तर सगळ्या लाकडाची राख व्हायची, आणि ती राख उचलीच्या खात्यात जमा व्हायची. "पांढरा धूर म्हणजे लाकडातलं पाणी," बाबा म्हणाले. "धूर निळा झाला की हवेची भोकं बुजवायची. निळ्यानंतर थांबला तो बुडाला." झोप येऊ नये म्हणून काय करायचा, असं विचारलं. त्यांनी उजवं पाऊल पुढे केलं. घोट्यापासून बोटांपर्यंत कातडी चकचकीत, बिनकेसांची. लेप देताना भट्टीचा माथा खचला होता. तेव्हा ते बारा-तेरा वर्षांचे होते.

दुसऱ्या महायुद्धात पेट्रोल मिळेना तेव्हा देशभर मोटारींच्या मागे कोळशाच्या गॅसची टाकी बसवून त्या चालवल्या गेल्या. युद्धाने एरवीही देशभरच्या जंगलांवर कुऱ्हाड चालवली. पण मुळशीच्या बाबतीत युद्धाहून मोठी गोष्ट त्याआधीच घडली होती.

जुन्या भूगोलाच्या पुस्तकांत जलविद्युतेला 'पांढरा कोळसा' म्हणत. मुळा-नीलेच्या संगमावर धरण बांधून ते पाणी सह्याद्रीच्या पश्चिमेला खाली सोडायचं आणि मुंबईला वीज द्यायची, ही टाटांची योजना. आंबेमोहोराची खाचरं आणि पन्नासहून अधिक गावं त्यात येत होती. १६ एप्रिल १९२१, रामनवमीला मुळशी सत्याग्रह सुरू झाला. पहिली आगगाडी धावली त्याच तारखेला, अडुसष्ट वर्षांनी. पांडुरंग महादेव बापट याच लढ्याने 'सेनापती' झाले. विनायकराव भुस्कुटे, शंकरराव देव आणि शेकडो मावळे तुरुंगात गेले. १९२४ च्या अखेरीस लढा संपला. १९२७ ला भिऱ्याचं वीजघर सुरू झालं. राजेंद्र व्होरा यांनी या लढ्याचा सविस्तर इतिहास लिहिला आहे; मुळशीत फिरायला जाणाऱ्या प्रत्येकाने तो वाचावा, असं मला मनापासून वाटतं.

त्या पुस्तकातलं पाणी मनात घेऊन मी रानाकडे बघतो तेव्हा एक गोष्ट उघड दिसते. खोऱ्याचा तळ, म्हणजे सगळ्यात कसदार जमीन, पाण्याखाली गेला. माणसं मात्र सगळी गेली नाहीत. काही वर सरकली आणि तलावाच्या काठाने वस्त्या बसल्या. भाताचं खाचर गेलेल्या माणसाकडे उरला तो डोंगर: नाचणी-वरईचे उतार आणि विकता येईल असं रान. पांढरा कोळसा मुंबईला गेला, काळा पुण्याला.

शेजारच्या वेल्ह्यात, पानशेतच्या खोऱ्यात हेच पुन्हा घडलं. धरणासाठी रस्ता झाला आणि ज्या रानातून आजवर फक्त डोक्यावरचं ओझं बाहेर पडत होतं तिथे ट्रक पोचला. पुण्याचे कोळसाव्यापारी त्याच रस्त्याने गेले. विस्थापितांनी झाडं कवडीमोलाने विकली, डोंगर उघडे पडले. परिसरशास्त्रज्ञ माधव गाडगीळ यांनी हे प्रत्यक्ष पाहून नोंदवलं आहे. पानशेत १२ जुलै १९६१ ला फुटलं, एवढंच पुण्याला आठवतं. वरच्या डोंगरावर काय फुटलं होतं, ते कोणी विचारलं नाही.

गाडगीळ आणि वनस्पतिशास्त्रज्ञ वा. द. वर्तक यांनी सत्तरच्या दशकात या भागातल्या देवराया पायी फिरून नोंदवल्या. रान भट्टीत गेल्यावर मूळ जंगलाचा नमुना कुठे उरला, याचं उत्तर त्यांना देवाच्या दारात सापडलं. ताम्हिणीच्या विंझाई देवीपाशी उभं राहिलं की त्यांचं म्हणणं शब्दांशिवाय समजतं. चार पावलांत ऊन संपतं. पाचोळा पावलाखाली दबतो, वाजत नाही. वेली माणसाच्या मांडीएवढ्या. इथलं झाड तोडायचं तर देवीला विचारावं लागे, आणि देवी सहसा हो म्हणत नसे. गावाने आपल्याच गरजेवर घातलेला तो लगाम होता. ठेकेदाराचा ट्रक दाराशी आला तेव्हा मात्र काही ठिकाणी देवळाला पत्रे घालून देण्याच्या बोलीवर रायाही गेल्या.

कायदे उशिरा आले. १९६४ च्या महाराष्ट्र वृक्षतोड नियमन कायद्याच्या अनुसूचीत हिरडा, ऐन, किंजळ, अंजन, जांभूळ सगळे आहेत, म्हणजे परवानगीशिवाय मालकालाही तोडता येत नाहीत. १९७५ चा खासगी वनांच्या संपादनाचा कायदा झाला. १२ डिसेंबर १९९६ ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मालक कोणीही असो, रान ते रानच. पण भट्ट्या विझवल्या त्या कायद्यापेक्षा रॉकेलच्या स्टोव्हने आणि गॅसच्या सिलिंडरने. आज बाजारात येणारा बराचसा कोळसा वेड्या बाभळीचा असतो. कातकरी वीटभट्टीवर गेले; भट्टी बदलली, उचल तीच.

त्यानंतर डोंगराला नवं गिऱ्हाईक मिळालं. त्याला लाकूड नको, जागा हवी. मोसे खोऱ्यात लवासाचं शहर उभं राहिलं, २०१० च्या नोव्हेंबरात केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने तिथलं काम थांबवायची नोटीस दिली आणि तो वाद देशभर गाजला. लहान प्लॉटांचे वाद गाजत नाहीत. दुसरीकडे २०१३ मध्ये ताम्हिणीचं सुमारे ५० चौरस किलोमीटर रान अभयारण्य झालं आणि शेकरूला हक्काची जागा मिळाली, याचा मला फार आनंद आहे.

गेल्या मार्गशीर्षात त्याच बाबांचा नातू मला अंधारबनाच्या बाजूला घेऊन गेला. वाटेत त्याने जांभळाचं एक झाड दाखवलं. एका बुंध्यातून पाच खोडं निघालेली, कडेने गोल, मध्ये पोकळ. मधल्या पोकळीत हात घातला तर जुन्या खुंटाचा भुगा हाताला लागला. तुटलेल्या झाडाच्या कडेने फुटलेले धुमारे पन्नास वर्षांत खोडं झाले होते. मग मी मोजत गेलो. ऐन, तीन खोडं. हिरडा, चार. अंजनी, सात. एकेरी खोडाचं झाड शोधायला बराच वेळ लागला. ज्याला आम्ही घनदाट म्हणतो, ते सगळं रान एकदा कापून गेलेलं आणि मुळांवरून परत आलेलं आहे.

थोडं वर कारवीत एक सपाट गोल जागा होती, अंगणाएवढी. उतारावर अशी जागा आपोआप होत नाही. नातवाने टाचेने पाचोळा सारला. खाली माती काळीभोर, त्यात बोटाएवढे तुकडे. त्याने दोन उचलले, पँटला पुसले आणि एकमेकांवर आपटले. खणखण आवाज आला.