टोपीवाला मेजर आणि बांधावरची भाजी

जंगलात अडकलेला माणूस काय खाऊन जगतो, हे टीव्हीवर बघायला मुलांना भारी आवडतं. बेअर ग्रिल्स तर घराघरात माहीत झालाय. २०१९ मध्ये पंतप्रधान मोदी त्याच्यासोबत जिम कॉर्बेटच्या जंगलात फिरले, तो भाग आपणही पाहिला असेल. पण मैत्रिणींनो, त्याच्या कितीतरी आधी एक फौजी असाच पडद्यावर आला होता. त्याची गोष्ट आपल्या जास्त जवळची आहे.

त्याचं नाव लेस हिडिन्स. ऑस्ट्रेलियाच्या लष्करातला मेजर, व्हिएतनामच्या युद्धात लढून आलेला. उत्तर ऑस्ट्रेलियाच्या निर्जन मुलखात सैनिक वाट चुकला तर त्याने काय खाऊन जगावं, याचा अभ्यास त्याने १९८०च्या दशकात केला. त्यासाठी तो तिथल्या आदिवासींकडे गेला. कुठला कंद उकरायचा, कुठलं बी भिजवून विष काढल्यावरच खायचं, हे त्यांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक. आणि तिथेही कंद, फळं, बिया वेचायचं काम मुख्यतः बायकांचंच! पुढे 'बुश टकर मॅन' या मालिकेतून, डोक्यावर रुंद काठाची टोपी घालून, त्याने हा रानमेवा घरोघरी पोचवला. त्यातलं काकाडू प्लम हे फळ आपल्या हिरडा-बेहड्याच्या कुळातलं. त्यात संत्र्याच्या कितीतरी पट 'क' जीवनसत्त्व असतं.

आणखी गंमत म्हणजे, आपली घोळही तिथे उगवते. तिचं बी दळून तिथले लोक खायचे.

आमच्या सोलापूरकडे घोळ, पाथरी, तांदुळजा, कुर्डू या भाज्या कुणी पेरत नाही. पाऊस पडला की आपोआप येतात. खुरपायला गेलेल्या बाया संध्याकाळी ओटीत भाजी घेऊन यायच्या. डाळ, लसूण, शेंगदाण्याचं कूट घालून केलेली घोळ आणि ज्वारीची भाकरी, म्हणजे बिनपैशाचं सकस जेवण. आता तणनाशक मारलं की खुरपणी संपते, बाईचा रोजगार जातो आणि तिच्या ताटातली भाजीही जाते. बचत गटाच्या बैठकीत मी पाथरीचं नाव काढलं, तर नव्या सुना एकमेकींकडे बघायला लागल्या. ज्यांना माहीत होतं, त्या साऱ्या साठीच्या पुढच्या.

म्हणून या पावसाळ्यात एवढं कराच. जाणत्या आजीला घेऊन बांधावर जा. पान, फूल, चव, कृती वहीत लिहा, मोबाईलवर फोटो काढा, मुलींना सोबत न्या. ओळख पटल्याशिवाय काही तोंडात घालू नका. फवारलेल्या रानातली, गटाराकाठची भाजी नको. मुतखड्याचा त्रास असेल तर घोळ डॉक्टरांना विचारूनच खा.

मेजरला हे ज्ञान मिळवायला रानोमाळ हिंडावं लागलं. आपल्याला फक्त शेजारच्या वाड्यापर्यंत जायचंय. तेही आजीबाई आहेत तोवर.