लिलावाची नोटीस छापून येण्याआधी

वर्तमानपत्राच्या आतल्या पानांवर बारीक टायपात छापलेल्या ‘कब्जा सूचना’ आणि ‘ई-लिलाव’ सहसा कोणी वाचत नाही. ज्याचे घर त्यात असते तो मात्र ती जाहिरात घेऊन वकिलाकडे धावतो. ‘स्टे मिळेल ना?’ हा पहिला प्रश्न. बहुतेकदा तो फार उशिरा विचारलेला असतो.

2002च्या सरफेसी कायद्यामुळे गहाण मालमत्ता विकायला बँकेला आधी कोर्टाची परवानगी लागत नाही. खाते एनपीए, म्हणजे थकीत, झाले की 60 दिवसांची मागणी नोटीस, मग ताबा, मग विक्री. सहकारी बँकाही यात येतात. मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात 2020 साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानेच तसे सांगितले. दिवाणी न्यायालयाचा दरवाजा बंद असल्याने उरते ते कर्जवसुली न्यायाधिकरण, म्हणजे डीआरटी. ताब्याची कारवाई झाल्यापासून 45 दिवसांत तिथे अर्ज करायचा. पूर्वी त्यासाठी मागणीच्या 75 टक्के रक्कम आधी भरावी लागे. पैसे नाहीत म्हणून दाद मागणाऱ्याने आधी पैसेच आणायचे, असा हा न्याय! 2004च्या मार्डिया केमिकल्स निकालाने ती अट गेली.

धंदा बुडाला, घरात आजारपण आले, ही कहाणी खरी असली तरी डीआरटीत सहसा तिचा उपयोग होत नाही. तिथे बँकेची चूक दाखवावी लागते: हरकतीला 15 दिवसांत कारणांसह उत्तर दिले नाही, मूल्यांकनाविना राखीव किंमत ठरवली, विक्रीची पुरेशी मुदत दिली नाही. स्थगिती मिळाली तरी बहुधा काही रक्कम भरण्याच्या अटीवर. म्हणून पहिल्याच नोटिशीला लेखी हरकत घ्यावी आणि पोच जपून ठेवावी. नेमके हेच बहुतेक जण टाळतात; साहेबांना भेटून तोंडी मुदत मागत बसतात.

शेतजमीन या कायद्यातून वगळली आहे, पण नुसती महसुली नोंद पुरत नाही. गोव्यातल्या पार्क हयात रिसॉर्टच्या प्रकरणात काही जमीन शेतीची असल्याचा दावा झाला. हॉटेलसाठी गहाण ठेवलेली, प्रत्यक्षात न कसलेली ती जमीन सर्वोच्च न्यायालयाने 2018 साली वाचू दिली नाही.

सगळ्यात मोठा फटका तारखेचा. थकबाकी भरून गहाण सोडवण्याचा हक्क पूर्वी प्रत्यक्ष विक्री होईपर्यंत टिकत असे. 2016च्या दुरुस्तीने तो लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याआधीपर्यंतच ठेवला. बाफना मोटर्सच्या प्रकरणात नवव्या लिलावात 105.05 कोटींची बोली लागली, खरेदीदाराने पैसेही भरले. त्यानंतर कर्जदाराने 129 कोटी देऊ केले आणि मुंबई उच्च न्यायालयाने ते मान्य केले. बँकेच्या पदरात जास्तच पडत होते. तरीही सप्टेंबर 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला: नोटीस प्रसिद्ध झाल्यावर हक्क संपला, मालमत्ता खरेदीदाराची.