कोटिलीचे गोत्र

मृगाचा पाऊस समाधानकारक झाला आणि सोयाबीनची पेरणी वेळेवर साधली, म्हणजे मेहकर तालुक्यातील काळ्या जमिनीत पाचसहा दिवसांत एक घटना घडते, जिच्याकडे शेतकरी मोठ्या उत्कंठेने आणि इतर लोक मुळीच लक्ष न देता पाहतात: मातीचा पापुद्रा फोडून कमानीसारखा वाकलेला एक कोवळा दांडा वर येतो, हळूहळू सरळ होतो, आणि त्याच्या माथ्यावर दोन जाड, मांसल, फिकट हिरव्या फाकी उलगडतात. या फाकी पाने नव्हेत आणि पाने नाहीत असेही म्हणता येत नाही. शुकदास महाराजांच्या विवेकानंद आश्रमामुळे ज्या हिवरा आश्रमाचे नाव महाराष्ट्रभर झाले, त्या गावी आता कृषी महाविद्यालयही आहे, आणि तेथे शिकणाऱ्या शेतकऱ्यांच्या मुलांना पहिल्याच वर्षी या फाकींचे शास्त्रीय नाव पाठ करावे लागते. ते नाव कोटिलेडन. मराठी पाठ्यपुस्तके त्याला बीजपत्र म्हणतात आणि घरातली बाई त्याला डाळ म्हणते. परंतु कोटिलेडन हा शब्द ज्या घराण्यातून आला, त्या घराण्याचा विस्तार इतका विलक्षण आहे की त्याची वंशावळ थोडी उलगडून पाहण्याजोगी आहे.

मूळ पुरुष ग्रीक भाषेतला: कोटिली. त्याचा अर्थ खोलगट वस्तू, आणि त्यावरून पेला. इलियडमध्ये हेक्टरच्या मृत्यूनंतर त्याची विधवा आपल्या पोरक्या मुलाचे पुढचे हाल डोळ्यांपुढे आणते, तेव्हा श्रीमंतांच्या पंगतीत कोणी दया येऊन त्याच्यापुढे जी लहानशी कोटिली धरील, तिने त्याचे ओठ तेवढे ओले होतील, टाळू कोरडीच राहील, अशी तिची व्यथा आहे. त्याच काव्यात अन्यत्र डायोमिडीज एक प्रचंड धोंडा उचलून ईनियसच्या खुब्यावर घालतो, आणि मांडीचे हाड जेथे फिरते त्या खोबणीलाही कवी कोटिली हेच नाव देतो. रोमन लोकांनी त्याच खोबणीला आपल्या शिरक्याच्या वाटीचे नाव दिले आणि शरीरशास्त्राच्या ग्रंथांत आजही तेच, म्हणजे ॲसिटॅब्युलम, चालते. आपल्या शालेय पुस्तकांनी मात्र वाटी सोडून उखळ घेतली आणि तो उखळीचा सांधा झाला. मला आपली निवड अधिक पटते, कारण वाटीत काही फिरत नाही, उखळात मुसळ फिरते.

पेला एकदा सर्वांच्या घरी सारखाच असू लागला म्हणजे त्याचे माप व्हायला वेळ लागत नाही. अथेन्समध्ये कोटिली हे द्रव आणि धान्य या दोहोंचेही माप ठरले: आजच्या हिशेबाने सुमारे २७० मिलिलिटर. सहा कायाथोस म्हणजे एक कोटिली, चार कोटिलींचा एक खोइनिक्स, आणि अठ्ठेचाळीस खोइनिक्सांचा एक मेडिम्नोस, अशी ही साखळी होती. एका माणसाला दिवसाला एक खोइनिक्स धान्य लागते हा तेथील सर्वमान्य ठोकताळा; हिरोडोटसने इराणच्या बादशहाच्या फौजेला रोज किती गहू लागला असेल याचा अंदाज याच मापाने बांधला आहे.

या मापाची खरी किंमत थ्युसिडिडीजचा इतिहास वाचताना कळते. इसवी सनापूर्वी ४२५ मध्ये स्फॅक्टीरिया बेटावर कोंडल्या गेलेल्या स्पार्टन शिपायांना तहाच्या वाटाघाटी चालू असेतोवर दरडोई दोन खोइनिक्स जवाचे पीठ, दोन कोटिली मद्य आणि थोडे मांस पोचविण्याचा करार झाला होता. त्यांच्या नोकरांना त्याच्या निम्मे. बारा वर्षांनी, ४१३ मध्ये, सिराक्यूझच्या दगडखाणीत डांबलेल्या सुमारे सात हजार कैद्यांना आठ महिने जे मिळाले, ते मात्र दर दिवशी एक कोटिली पाणी आणि दोन कोटिली धान्य. म्हणजे माणसाच्या ठरलेल्या शिध्याच्या निम्मे अन्न, आणि उन्हात तापणाऱ्या दगडांच्या कपारीत प्यायला एक पेलाभर पाणी. थ्युसिडिडीजने येथे विशेषणे फारशी वापरलेली नाहीत. मापाचे दोन आकडे नमूद केले आहेत, आणि त्या आकड्यांत जे क्रौर्य आहे ते वाचणाऱ्याला आपोआप दिसते.

आपल्याकडची मापांची साखळीही याच जातीची. शके १०७२ म्हणजे इसवी सन ११५० च्या सुमारास भास्कराचार्यांनी लीलावतीच्या आरंभी जी कोष्टके दिली, त्यांत एक हात लांब, एक हात रुंद आणि एक हात खोल अशा पात्राला मगध देशातील खारी म्हटले आहे. खारीचा सोळावा हिस्सा द्रोण, द्रोणाचा चौथा आढक, आढकाचा चौथा प्रस्थ आणि प्रस्थाचा चौथा कुडव. हात चोवीस अंगुळांचा धरला, तर प्रस्थ ५४ घन अंगुळांचा होतो. आणि अंगुळ पावणेदोन ते दोन सेंटीमीटर मानला, तर तो साधारणतः २९० ते ४३० मिलिलिटरच्या दरम्यान पडतो. कोटिलीहून थोडा मोठा, पण तिच्याच शेजारचा. कुडव आणि कोटिली या नावांतील ध्वनिसाम्यावरून कोणी उत्साही संशोधकाने नाते जोडू नये; साम्य आहे ते मानवी हाताचे. एका माणसाच्या ओंजळीत जेवढे मावते, तेवढ्याचेच भांडे ग्रीसमध्ये घडले आणि भारतातही घडले.

पुढे मराठी मुलखात ही साखळी निळवे, कोळवे, चिपटे, मापटे, शेर आणि पायली अशी झाली. पायलीपर्यंत येताना प्रत्येक पायरी बहुधा दुपटीची, कारण निरक्षर माणसालाही दुप्पट आणि निम्मे करता येते. वऱ्हाड सुभ्यात तर मेहकर हे अकबराच्या काळी एका सरकाराचे ठाणे होते, आईन-इ-अकबरीच्या जमाबंदीत त्याचा उल्लेख आहे, आणि जेथे महसुलाचे दप्तर आहे तेथे मापाचा तंटा असायचाच. तो तंटा भांड्याच्या आकारापेक्षा शिगेचा असे. सपाट माप घ्यायचे की शीग लावून, हे आधी ठरले नाही, तर त्याच पायलीत देणाऱ्याचे कमी जाते आणि घेणाऱ्याचे जास्त येते. बलुतेदाराला खळ्यावर धान्य मिळे तेव्हा शीग किती उभी राहिली, यावरून पाटलाच्या मनाचा अंदाज घेतला जाई. १९५६ चा वजनमापांचा कायदा झाला, १९५८ पासून टप्प्याटप्प्याने किलोग्रॅम आला, आणि बाजार समितीतल्या काट्याने ही शीग कायमची मोडून काढली. घरात मात्र पायली राहिली. विवेकानंद जयंतीच्या उत्सवात हिवरा आश्रमास लाखाच्या घरात माणसे पंगतीला बसतात, तेव्हा पुरीचे पीठ आणि वांगी क्विंटलांनी मोजली जातात; परंतु पंगतीत वाढणारा हात कोणतेही कोष्टक न पाहता प्रत्येकाच्या पानात एकसारखेच वाढतो.

आता कोटिलेडनकडे वळू. कोटिलीपासून ग्रीकांनी कोटिलीडॉन असा शब्द साधला, पेल्यासारखी खोबण असा त्याचा आशय, आणि तो त्यांनी अगदी बिनदिक्कतपणे चोहीकडे लावला. ओडिसीमध्ये आठपायी समुद्रप्राण्याला बिळातून ओढून काढल्यावर ज्या चूषकांना खडे चिकटून येतात, ते चूषक म्हणजे कोटिलीडॉन. डायोस्कोरिडीजच्या औषधिग्रंथात मध्यभागी खोलगट असलेल्या गोल पानांची एक वनस्पती आहे, तिचेही नाव कोटिलीडॉन. आणि ॲरिस्टॉटलच्या प्राणिशास्त्रात गर्भ ज्या गाठींनी मातेच्या गर्भाशयाला धरून राहतो, त्याही कोटिलीडॉनच.

यांतील वनस्पतीचा धागा आपल्या अंगणापर्यंत येऊन पोचला आहे. लिनीयसने जाड, रसाळ पानांच्या एका प्रजातीला ते जुने नाव दिले, आणि १७८६ मध्ये फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ लामार्क याने आपल्या पानफुटीचा समावेश त्याच प्रजातीत करून तिला कोटिलेडन पिनाटा म्हटले. पुढे १८०५ मध्ये पर्सूनने तिला कालांको या प्रजातीत हलविले, म्हणून आजच्या पुस्तकांत ती त्या नावाने सापडते. पण पान जमिनीवर पडले की कडेच्या प्रत्येक खाचेतून नवे रोप काढणारी ही वनस्पती वीसएक वर्षे पेल्याच्या गोत्रात नांदून गेली.

तिसरा धागा गोठ्यात जातो. गाय व्याली म्हणजे शेतकरी जार पडण्याची वाट पाहतो, आणि बारा तास उलटूनही ती पडली नाही तर पशुवैद्याला बोलावणे धाडतो. ही जार घोडीच्या जारेसारखी सर्वांगाने चिकटलेली नसते. सत्तर ते सव्वाशेच्या दरम्यान फुगीर चकत्यांनी ती गर्भाशयावरील तितक्याच गाठींना धरून असते, आणि त्या चकत्यांना पशुवैद्यकात अजूनही कोटिलेडनच म्हणतात. जार अडकते म्हणजे या चकत्या वेळेवर सुटत नाहीत. गाईच्या प्रसूतीचा आणि सोयाबीनच्या उगवणीचा शब्द एकच आहे हे ऐकून कोणासही नवल वाटेल, परंतु हा योगायोग नव्हे.

बियांत एक दल असते की दोन, यावरून वनस्पतींचे दोन महावर्ग पडतात, ही गोष्ट जॉन रे या इंग्रज पंडिताने १६८२ मध्ये मांडली होती. त्या दलांना कोटिलेडन हे नाव रूढ केले ते लिनीयसने, १७५१ च्या आपल्या वनस्पतिशास्त्रीय सूत्रग्रंथात, आणि तेथे त्याच्या डोळ्यांपुढे जनावरांची जार होती: बीजाच्या कडेचे अंग, जे द्रव शोषून घेते आणि काम संपल्यावर गळून पडते, असे त्याने त्याचे वर्णन केले. म्हणजे पेल्याचा आकार येथे अजिबात उरला नाही. तुरीच्या डाळीकडे कितीही पाहिले तरी तीत पेला दिसणार नाही. एका बाजूने फुगीर, दुसऱ्या बाजूने सपाट, अशी ती उलट भरीव असते. नाव टिकले ते पोसण्याच्या कामामुळे. आपल्या द्विदल शब्दाने मात्र काम न पाहता फाकणे पाहिले, कारण भारतीय माणसाची या अवयवाशी ओळख जात्यावर झाली: भिजवून वाळवलेली तूर भरडली की टरफल सुटते, दोन दले अलग होतात, मधला इवलासा अंकुर चुणीत जातो आणि रोपाचे सगळे पाथेय आमटीत पडते. शेजारच्या अकोल्यातील डाळगिरण्यांचा संबंध व्यवसाय या एका फाकण्यावर उभा आहे.

सगळी द्विदले सारखी वागत नाहीत, आणि शेतकऱ्याला ते नीट ठाऊक असते. तूर आणि हरभरा आपली दले मातीतच ठेवतात, फक्त कोंब वर पाठवतात. सोयाबीन, मूग, उडीद आणि कपाशी ती डोक्यावर घेऊन वर येतात. म्हणूनच सोयाबीन तीनपाच सेंटीमीटरहून खोल पडले, किंवा पेरणीनंतर जोराचा पाऊस होऊन वर टणक पापुद्रा धरला, तर दांड्याची मान मोडते आणि दुबार पेरणीची पाळी येते. त्याचे टरफलही फार पातळ. पोते आपटले तरी आतली दले दुखावतात. म्हणून पेरणीपूर्वी ओल्या गोणपाटात शंभर दाणे गुंडाळून ठेवावेत आणि सत्तर तरी उगवले तरच ते बियाणे वापरावे, असा कृषिखात्याचा सल्ला असतो.

एक आडवाटेची गोष्ट येथे सांगितल्यावाचून राहवत नाही. कोटिलीचा सहावा हिस्सा जो कायाथोस, तोही वनस्पतिशास्त्रात शिरला आहे: थोर, पानचेटी, शेर या चिकाळ कुळातील झाडांचा फुलोरा पेल्यासारखा असतो, एका पेल्यात एक स्त्रीपुष्प आणि भोवती एकेका पुंकेसराची पुरुषपुष्पे, आणि त्या पेल्याला सायाथियम म्हणतात. कुंपणाला लावतात त्या शेराच्या झाडाचे नाव आणि धान्य मोजायच्या शेराचे नाव मराठीत एकच आहे, हे मात्र निव्वळ योगायोगाने. पण एका मापाचे नाव धारण करणाऱ्या झाडाच्या फुलोऱ्याला दुसऱ्या मापाचे नाव मिळावे, ही गंमत कोशकाराच्या टिपणवहीत तरी नोंदवून ठेवण्यासारखी आहे.

राहता राहिली ज्वारी, जी एकदल असल्यामुळे या चर्चेत मागे पडते. तिचे एकुलते एक बीजपत्र कधी जमिनीवर येत नाही, हिरवे होत नाही, दिसतही नाही. दाण्याच्या आत ते ढालीसारखे पिठूळ भागाला चिकटून असते, उगवणीच्या वेळी पिष्ट विरघळविणारे द्रव्य तिकडे सोडते आणि विरघळलेले अन्न शोषून अंकुराकडे पोचवते. सोयाबीनची दले स्वतःच कोठार असतात. ज्वारीचे दल दुसऱ्याच्या कोठारातून पिते, आणि लिनीयसच्या व्याख्येला तेच अधिक शोभते. या अंकुरभागात तेल असते, आणि दळल्यावर त्याला हवा लागते. ज्वारीचे, आणि त्याहून बाजरीचे, पीठ थोड्याच दिवसांत कडसर होते ते त्यामुळे, आणि म्हणूनच वऱ्हाडातल्या घरांत दळण आठवड्यापुरतेच काढतात.