एक कॉम्प्युटर, चौघांचे गेम

मोबाइल आता ज्याचा त्याचा झाला. कॉम्प्युटर मात्र अनेक घरांत अजूनही घराचाच आहे. हॉलच्या कोपऱ्यातल्या त्याच टेबलावर आईची बँकेची कामं होतात, बाबांच्या एक्सेल शीट उघडतात, कॉलेजातल्या मुलीचे प्रोजेक्ट तयार होतात आणि आठवीतल्या मुलाचे गेमही तिथेच चालतात. बरेचदा या सगळ्यांचं लॉगिन एकच असतं. पासवर्ड सगळ्यांना पाठ, नाहीतर पासवर्डच नाही.

अशा कॉम्प्युटरवर कुणीतरी एखादा गेम इन्स्टॉल करतं आणि तो आपल्यापुरता राहावा असं त्याला वाटतं. कारणं साधी असतात. आठवडाभर खेळून जिथवर आलो ती सेव्ह फाइल धाकट्याने पुसू नये. मारधाडीचा, प्रौढांसाठीचा गेम सहा वर्षांच्या पुतणीच्या हाती लागू नये. पन्नाशीतल्या काकूंना रात्री तासभर शेतीचा गेम खेळायला आवडतं, पण त्यावरून येताजाता होणारी चेष्टा नको असते. यातल्या कुठल्याही कारणासाठी ओशाळं व्हायची गरज नाही. खेळ हा विरंगुळा आहे आणि विरंगुळ्याला थोडा एकांत लागतोच.

हा एकांत मिळवायला बहुतेकजण गेम लपवायच्या मागे लागतात आणि तिथेच फसतात. लपवलेला गेम आज ना उद्या सापडतो. टिकतं ते स्वतःचं वेगळं अकाउंट.

लपवलेलं का सापडतं?

लपवण्याचे उपाय सगळ्यांना माहीत असतात. डेस्कटॉपवरचा आयकॉन उडवायचा, फोल्डरला 'जुनी बिलं' असं काहीतरी नाव द्यायचं किंवा प्रॉपर्टीजमध्ये जाऊन 'हिडन'वर टिक करायची. पण 'हिडन' ही फाइलवरची नुसती खूण आहे. फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेन्यूत 'हिडन आयटम्स' निवडलं की असं प्रत्येक फोल्डर फिकट रंगात समोर हजर होतं. आणि फोल्डरचं नाव बदललं, तर गेम सुरू करणाऱ्या सॉफ्टवेअरलाच तो सापडेनासा होतो.

शिवाय गेम एका जागी राहत नाही. तो बसवताना काय काय होतं ते पाहा. स्टार्ट मेन्यूत 'रिसेंटली अ‍ॅडेड'खाली त्याचं नाव झळकतं. अनेक इन्स्टॉलर डेस्कटॉपचा शॉर्टकट विंडोजच्या 'पब्लिक' फोल्डरात टाकतात, त्यामुळे त्या कॉम्प्युटरवरच्या प्रत्येक अकाउंटच्या डेस्कटॉपवर तो दिसू लागतो. सेटिंग्जमधल्या 'इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स'च्या यादीत त्याची नोंद होते. सर्चच्या चौकटीत नावाची पहिली तीन अक्षरं टाइप केली तरी तो वर येतो.

त्यात गेमचा आकार. 'बाल्डर्स गेट ३' या २०२३ च्या गेमला १५० जीबी मोकळी जागा लागते. घरच्या कॉम्प्युटरला ५१२ जीबीची ड्राइव्ह असेल, तर जवळपास तिसरा हिस्सा एकट्या गेमने व्यापला. नाव कितीही बदला, 'ड्राइव्ह कशाने भरली?' हा प्रश्न घरात कुणीतरी विचारणारच.

लपवण्याची ही धडपड जुनी आहे. १९८० च्या दशकात डॉसवर चालणाऱ्या काही गेममध्ये 'बॉस की' असायची. साहेब येताना दिसले की ती दाबायची. गेम नाहीसा होऊन पडद्यावर खोटी स्प्रेडशीट यायची. तेव्हा प्रश्न फक्त पडद्यापुरता होता. आज गेमच्या खुणा ड्राइव्हवर, मेन्यूत आणि इंटरनेटवर अशा सगळीकडे राहतात.

अकाउंट म्हणजे आपला कप्पा

एकत्र कुटुंबात कपाट एक असलं तरी प्रत्येकाचा कप्पा वेगळा असायचा. विंडोजमधलं यूझर अकाउंट म्हणजे तसाच कप्पा, आणि त्याला कुलूपही आहे.

हे कुलूप घरच्या कॉम्प्युटरवर तसं उशिरा आलं. विंडोज ९५ आणि ९८ मध्ये प्रत्येकाला वेगळं नाव आणि वेगळा वॉलपेपर ठेवता येई. पण त्या काळच्या फॅट पद्धतीच्या डिस्कवर कुठली फाइल कुणाची याची नोंदच नसे. ऑफिसांसाठीच्या विंडोज एनटीमध्ये ती सोय १९९३ पासून होती. २००१ साली विंडोज एक्सपीने ती घराघरांत आणली. आज विंडोजमध्ये प्रत्येक अकाउंटला 'यूझर्स' फोल्डरात स्वतःचं फोल्डर मिळतं आणि ते तीनच पक्षांना उघडता येतं: त्याचा मालक, खुद्द विंडोज आणि कॉम्प्युटरचा अ‍ॅडमिनिस्ट्रेटर.

यातला तिसरा पक्ष नीट ध्यानात घ्यायला हवा. अकाउंट दोन प्रकारची असतात, 'स्टँडर्ड' आणि 'अ‍ॅडमिनिस्ट्रेटर'. अ‍ॅडमिनला कुठल्याही फोल्डरची मालकी स्वतःकडे घेता येते. म्हणून घरातल्या चौघांचीही अकाउंट अ‍ॅडमिन असतील, तर चारही कुलपांच्या किल्ल्या चौघांकडे आहेत. योग्य रचना अशी: अ‍ॅडमिन अकाउंट एकच, ते रोजच्या वापराचं नव्हे; आणि घरातल्या प्रत्येकाचं आपापलं स्टँडर्ड अकाउंट, ज्याचा त्याचा पासवर्ड.

नवं अकाउंट करायला पाच मिनिटं पुरतात. विंडोज ११ मध्ये अ‍ॅडमिन म्हणून लॉगिन करून सेटिंग्ज, अकाउंट्स, अदर यूझर्स असं जायचं आणि 'अ‍ॅड अकाउंट' दाबायचं. विंडोज ईमेल मागतं. तो द्यायचा नसेल तर 'या व्यक्तीची साइन-इन माहिती माझ्याकडे नाही' या अर्थाच्या ओळीवर क्लिक करून पुढे मायक्रोसॉफ्ट अकाउंटशिवाय यूझर जोडण्याचा पर्याय निवडायचा. पासवर्ड ज्याचा त्याने स्वतः टाइप करावा. उठताना विंडोजचं बटण आणि 'एल' एकत्र दाबलं की स्क्रीन लॉक होते. गेम चालू ठेवून उठण्यापेक्षा तो बंद करून साइन आउट करावं. नाहीतर पुढच्या माणसाला कॉम्प्युटर संथ चालतो आणि त्याचं कारण शोधताना तो गेमपर्यंत पोहोचतो.

गेम बसतो कुठे?

वेगळं अकाउंट झालं की सेव्ह फाइलची काळजी बरीचशी मिटते. बहुतेक गेम खेळाडूची प्रगती त्याच्याच फोल्डरात ठेवतात. 'स्कायरिम'च्या सेव्ह 'डॉक्युमेंट्स'मधल्या 'माय गेम्स'मध्ये असतात, तर 'माइनक्राफ्ट'च्या जावा आवृत्तीची दुनिया 'अ‍ॅपडेटा'त असते. भावाने त्याच्या अकाउंटवरून तोच गेम उघडला तर त्याची सुरुवात शून्यापासून होते आणि ताईचा खेळ शाबूत राहतो. काही जुने गेम सेव्ह स्वतःच्याच फोल्डरात ठेवतात. तिथे मात्र हा बचाव चालत नाही.

मूळ गेमचं तसं नाही. तो सहसा 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये जातो आणि ते फोल्डर सगळ्यांना वाचता येतं. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातून घेतलेले गेम 'स्टीमअ‍ॅप्स'मधल्या 'कॉमन' फोल्डरात बसतात आणि प्रत्येक गेमचं फोल्डर त्याच्या नावानिशी तिथे दिसतं. डी ड्राइव्हवर नुसतं 'गेम्स' फोल्डर केलं तर तेही सगळ्यांना खुलंच असतं. मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून घेतलेला गेम ज्याने बसवला त्याच्याच स्टार्ट मेन्यूत येतो, ही त्यातल्या त्यात सोय.

यावर दोन उपाय. इन्स्टॉलर 'कुठे बसवू?' असं विचारत असेल, तर 'यूझर्स'मधल्या आपल्या फोल्डरात 'गेम्स' नावाचं फोल्डर करून तिथे बसवायचं. त्या फोल्डराला कुलूप आधीच आहे. 'फक्त माझ्यासाठी की सगळ्यांसाठी' असा प्रश्न आला तर 'फक्त माझ्यासाठी' निवडायचं, म्हणजे शॉर्टकटही आपल्यापुरते राहतात. दुसरा उपाय डी ड्राइव्हवरच्या फोल्डरासाठी. राइट क्लिक, प्रॉपर्टीज, सिक्युरिटी, अ‍ॅडव्हान्स्ड असं जाऊन 'डिसेबल इनहेरिटन्स' करायचं, असलेल्या परवानग्या तशाच ठेवायच्या, आपल्या नावाला पूर्ण परवानगी द्यायची आणि मग 'यूझर्स' व 'ऑथेंटिकेटेड यूझर्स' या दोन ओळी काढायच्या. हा प्रयोग फक्त गेमच्या फोल्डरावर करावा. अख्ख्या ड्राइव्हवर किंवा 'प्रोग्रॅम फाइल्स'वर केल्यास इतरांची कामं अडतील.

पेन ड्राइव्ह किंवा एक्स्टर्नल डिस्क बरेचदा एक्सफॅट पद्धतीची असते आणि तिथे या परवानग्या लागूच होत नाहीत. अशा वेळी एन्क्रिप्शन हा मार्ग. विंडोजच्या प्रो आवृत्तीत बिटलॉकर आहे. होम आवृत्ती असेल तर व्हेराक्रिप्ट हे मोफत सॉफ्टवेअर वापरता येतं. ते एका मोठ्या फाइलमध्ये पासवर्ड लावलेली ड्राइव्ह तयार करतं. हा पासवर्ड विसरला तर आतलं काहीच परत मिळत नाही, हे समजूनच या वाटेला जावं.

कॉम्प्युटरबाहेरच्या खुणा

घरात कुणाला कळलं नाही, पण मित्राच्या स्क्रीनवर 'अमुक आत्ता तमुक गेम खेळतोय' असं झळकलं तर काय उपयोग? स्टीमवर दोन वेगळ्या सोयी आहेत आणि लोक त्यांत गल्लत करतात. 'हाइड' केल्याने गेम फक्त तुमच्या लायब्ररीच्या यादीतून बाजूला होतो. व्ह्यू मेन्यूतून तो पुन्हा दिसतो आणि खेळताना मित्रांनाही कळतं. २०२४ साली आलेल्या 'प्रायव्हेट' या सोयीमुळे गेम तुमच्याकडे असल्याचं, तुम्ही तो खेळत असल्याचं आणि किती तास खेळलात हे मित्रांपासून झाकलं जातं. डिस्कॉर्ड या गप्पांच्या अ‍ॅपवर अ‍ॅक्टिव्हिटी दाखवण्याची सेटिंग वेगळी बंद करावी लागते. घरच्या सगळ्यांनी मिळून एकच स्टीम अकाउंट वापरलं, तर यातलं काहीही कामाचं नाही.

पैशांची खूणही राहते. बाबांच्या कार्डावर गेम घेतला तर ओटीपी त्यांच्याच फोनवर जातो आणि पावती ज्या ईमेलवर येते तो इनबॉक्स बहुधा घरातल्या ब्राउझरवर उघडाच असतो. तिथे लपवाछपवी करूच नये. ज्याचे पैसे, त्याला हिशेब कळलाच पाहिजे.

खासगी कुठवर?

इथे एक रेघ ओढायला हवी. आपल्या आवडीपुरता गेम हा खासगी मामला आहे. पण ज्या गेमचा परिणाम सगळ्यांच्या कॉम्प्युटरवर होतो, तो सांगूनच बसवावा. 'व्हॅलोरंट'सोबत येणारं व्हँगार्ड हे फसवणूकविरोधी सॉफ्टवेअर विंडोजच्या गाभ्यात शिरून काम करतं आणि कॉम्प्युटर सुरू होतानाच जागं होतं. लॉगिन कुणीही केलं तरी ते तिथे असतंच. घरातल्या बाकीच्यांना याची कल्पना असणं हा त्यांचा हक्क आहे.

चोरून उतरवलेल्या, क्रॅक केलेल्या गेमचा धोका याहून मोठा. असा गेम बसवताना अँटिव्हायरस बंद करायला सांगितलं जातं आणि अ‍ॅडमिनची परवानगी मागितली जाते. त्याच कॉम्प्युटरवर आई बँकेचा पासवर्ड टाइप करते. एकाच्या हौसेपायी सगळ्यांचे कप्पे उघडे पडतात. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर तर २०२५ च्या केंद्रीय कायद्याने बंदी आणली आहे. त्यांना 'माझा खासगी विषय' म्हणता येणार नाही.

लहान मुलांच्या बाबतीत पारडं पालकांकडे झुकतं. आठ वर्षांचं मूल काय खेळतं हे आईवडिलांना ठाऊक असायलाच हवं. गेमवर वयाची खूण असते, युरोपातल्या पेगी पद्धतीत ३, ७, १२, १६ आणि १८ अशी. ती पाहून मुलाच्या स्टँडर्ड अकाउंटला मायक्रोसॉफ्ट फॅमिली सेफ्टी जोडता येतं, किंवा सहा जणांपर्यंत चालणाऱ्या स्टीम फॅमिलीजमध्ये कोणते गेम आणि किती वेळ हे ठरवता येतं. मात्र लक्ष ठेवतो आहोत हे मुलाला सांगून करावं. गुपचूप पाळत ठेवली, की मूलही गुपचूप खेळायला शिकतं. आणि तेच मूल सोळा-सतरा वर्षांचं झालं की लगाम सैल करत जावा. त्या वयात स्वतःची थोडी जागा मिळालेली मुलं मोठेपणी दुसऱ्याची जागाही मानतात, असं मला मनापासून वाटतं.

राहता राहिला अ‍ॅडमिन. घरात हा मान ज्याच्याकडे असेल, त्याला कुठलंही फोल्डर उघडता येतं. ते रोखणारं तांत्रिक कुलूप नाही असं नाही; एन्क्रिप्शन आहे. पण घरातल्या घरात त्या थराला जावं लागू नये. त्याऐवजी एका रविवारी सगळ्यांनी मिळून कॉम्प्युटरसमोर बसावं. प्रत्येकाचं अकाउंट करावं, प्रत्येकाने आपला पासवर्ड घालावा, कुणाला किती जीबी हे ठरवावं. नवा गेम बसवायचा तर अ‍ॅडमिन पासवर्ड टाकून देईल, तो सुरक्षित आहे का एवढं पाहील, आणि कुणी काय खेळावं यावर टिप्पणी करणार नाही. कुणाचं फोल्डर विचारल्याशिवाय उघडायचं नाही, हा नियम अ‍ॅडमिनलाही लागू. अर्ध्या तासाचं हे काम झालं, की घरात कुणालाच काही लपवण्याची गरज उरत नाही.