गहाण घर आणि भावंडांचे हिस्से

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण मी स्वतः वकील असूनही मला मान्य आहे. परंतु ती पायरी कोठे आहे, हे शहाण्याला ठाऊक असावे. घर वडिलांचे, हिस्सेदार भावंडे आणि कागद सावकाराच्या तिजोरीत, अशी अवस्था असेल तर फारच!

माझ्याकडे येणाऱ्या मंडळींचा पहिला प्रश्न ठरलेला असतो : “वकीलसाहेब, माझ्या वाटणीचे पैसे मी भरतो. माझा हिस्सा तेवढा सोडवून द्या.” माझे उत्तरही ठरलेले : तसे होत नाही. वडिलांनी सबंध घर गहाण टाकले असेल, तर १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ६० असे तुकडे पाडू देत नाही. सावकारानेच एखादा हिस्सा घेतला असेल, तर गोष्ट निराळी.

मग इतर भावंडे स्वस्थ बसली, तर आपणही लिलावाची वाट पाहायची काय? मुळीच नाही. कोणाही एका हिस्सेदाराला सगळे कर्ज फेडून सगळे घर सोडवता येते. सावकार पैसे घेईना, तर ते कोर्टात भरता येतात. गहाण सोडवण्याचा दावाही करता येतो. त्याला १९६३ च्या मुदत कायद्याने ३० वर्षे दिली आहेत. पण साक्षीदार तेवढे थांबत नाहीत, म्हणून दिरंगाई नको.

समजा, वडील मृत्युपत्र न करता वारले. वारस तिघे, हिस्से सारखे, कर्ज ९ लाखांचे. ते सारे बहिणीने एकटीने फेडले. (मुलीला वाटा कसला, असे म्हणणाऱ्यांनी १९५६ चा हिंदू वारसा कायदा वाचावा!) आता घर तिचे एकटीचे झाले काय? नाही. भावांचे तिने भरलेले ६ लाख बुडाले काय? तेही नाही. कलम ९२ प्रमाणे ती सावकाराच्या जागी उभी राहते. दोघे भाऊ आपापले ३ लाख देईपर्यंत त्यांच्या हिश्शांवर तिचा बोजा राहतो. मात्र पैसे भरल्याची पावती आणि मूळ कागद तिने ताब्यात घेतलेच पाहिजेत.

एकाच भावाने कोणाला न विचारता घर गहाण टाकले, तर एरवी बोजा त्याच्याच हिश्शावर बसतो. एकत्र कुटुंबाच्या कर्त्याने कुटुंबाच्या खऱ्या गरजेसाठी कर्ज काढले असेल, तर मात्र ते सर्वांना बांधते. पुढे तो हिस्सा परक्याने विकत घेतला, तरी कलम ४४ मुळे त्याला कुटुंबाच्या राहत्या घरात बिऱ्हाड थाटता येत नाही. त्याने वाटपाचा दावा लावला, तर १८९३ च्या वाटप कायद्याने घरच्या हिस्सेदाराला कोर्ट ठरवील त्या किमतीत तो हिस्सा घेता येतो.

कर्ज बँकेचे असल्यास अधिक जागरूक राहावे. २००२ च्या कायद्याखाली बँक ६० दिवसांची नोटीस देते, आणि नंतर कोर्टात न जाताही घराचा ताबा घेऊ शकते. त्याविरुद्ध कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे ४५ दिवसांत दाद मागावी लागते.

भाऊबीजेला भावंडे जमतील, तेव्हा फराळानंतर गहाणखताची नक्कलही पुढे घ्या. कोणी किती भरले आणि कोणी किती भरायचे, ते लिहून सर्वांनी सह्या करा. त्या एका कागदाने घरही राहील आणि नातेही!