‘लास्ट कॉल ॲट मॉड्स’ : एका शहरातल्या बारचा इतिहास

समलिंगी हक्कांच्या चळवळीची गोष्ट सांगताना सुरुवात बहुधा न्यूयॉर्कच्या ‘स्टोनवॉल’ बारपासून होते. १९६९ साली तिथे पोलिसांची धाड पडली, गिऱ्हाइकं उलटून उभी राहिली आणि ती रात्र जगभर गाजली. अमेरिकेच्या दुसऱ्या टोकाला, सॅन फ्रान्सिस्कोत, हाच झगडा त्याच्या कितीतरी आधी सुरू झाला होता. तो मुख्यतः दारूच्या परवान्यांवरून लढला गेला. पॅरिस पॉयरिअर यांचा १९९३चा माहितीपट ‘लास्ट कॉल ॲट मॉड्स’ त्याच शहरातल्या एका लेस्बियन बारचं दार बंद होताना पाहतो आणि तिथून १९४०च्या दशकापर्यंत मागे जातो.

मॉड्स

रिकी स्ट्रायकर या बाईंनी १९६६ साली कोल स्ट्रीटवर हा बार उघडला. वस्ती हेट-ॲशबरीच्या लगतची, म्हणजे हिप्पींच्या ऐन भराच्या काळातली. १९८९च्या सप्टेंबरात तो बंद झाला. दिवसा ऑफिसात, शाळेत, घरच्यांसमोर गप्प राहणाऱ्या बायकांना संध्याकाळी मोकळेपणी बसता येईल अशी जागा, एवढंच त्याचं वैशिष्ट्य. त्या काळी तेवढंही फार होतं.

बायकांचा बार, पण दारू ओतणारा पुरुष

कॅलिफोर्नियाच्या कायद्यानुसार बाईला बारटेंडरची नोकरी करता येत नसे. परवाना तिच्या स्वतःच्या किंवा नवऱ्याच्या नावावर असेल, तरच ती काउंटरमागे उभी राहू शके. त्यामुळे मालकीण बाई, गिऱ्हाइकं बाया, आणि ग्लास भरायला एक तर स्ट्रायकर स्वतः, नाहीतर पगारी पुरुष. बाईच्या हातून दारू ओतली गेली की समाज बिघडतो, हे कुठल्या शहाण्याने ठरवलं कोण जाणे! १९७१ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी घटनाबाह्य ठरवली, तेव्हा कुठे मॉड्सला बाई बारटेंडर नोकरीवर ठेवता आली.

कपड्यांचं वेगळंच. भिन्नलिंगी पोशाख करून लोकांत वावरणं हा सॅन फ्रान्सिस्कोत १८६३पासून गुन्हा होता, आणि तो नियम पुस्तकातून जायला १९७४ साल उजाडलं. पँट-शर्टातली बाई बारमधून रस्त्यावर आली की पोलिसांना तिला अडवायला निमित्त तयारच असे.

परवाना हेच हत्यार

आपल्याकडच्या कुठल्याही परमिट रूमच्या मालकाला विचारा; गिऱ्हाईक रुसलं तर चालेल, पण परवाना गेला तर धंदाच संपला. तिथल्या सरकारने नेमकी हीच नस पकडली. ‘ब्लॅक कॅट’ या बारचा परवाना समलिंगी लोकांच्या वर्दळीमुळे अडचणीत आला, तेव्हा मालक सोल स्टुमन कोर्टात गेले. समलिंगी गिऱ्हाइकं येतात एवढ्याच कारणावरून परवाना काढून घेता येणार नाही, असा निकाल १९५१ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने दिला. त्यावर विधिमंडळाने १९५५ साली कायदाच बदलला आणि ‘विकृतां’चा अड्डा असलेल्या बारवर कारवाईची मुभा घेतली. १९५९ साली न्यायालयाने तीही तरतूद रद्द केली.

म्हणून त्रास थांबला असं नाही. साध्या वेशातले पोलीस येऊन बसत, गिऱ्हाइकांना जाळ्यात ओढत. १९६१ साली ‘टे-बुश इन’वरच्या एकाच धाडीत शंभरावर लोकांना पकडलं. त्याच वर्षी ‘ब्लॅक कॅट’मध्ये स्त्रीवेशात गाणारे होजे सारिया शहराच्या निवडणुकीला उभे राहिले. ते हरले, पण पाच हजारांहून जास्त मतं घेऊन. पुढच्या वर्षी बारमालकांनी ‘टॅव्हर्न गिल्ड’ ही संघटना काढली. अटक झालेल्यांसाठी वकील आणि जामिनाची सोय ती बघू लागली. ‘ब्लॅक कॅट’ मात्र १९६४ साली परवान्यापायीच बंद पडला.

चित्रपट कसा आहे

मॉड्सच्या जुन्या गिऱ्हाइकांच्या आणि कामगारांच्या मुलाखती हा त्याचा कणा. ‘डॉटर्स ऑफ बिलिटिस’ ही लेस्बियन स्त्रियांची संघटना १९५५ साली सुरू करणाऱ्यांपैकी डेल मार्टिन आणि फिलिस लायनही त्यात भेटतात. बायका जुने फोटो, जुनी प्रेमं, धाडींच्या आठवणी सांगतात. हसतात, एकमेकींची टर उडवतात. माझ्या मते चित्रपटाची खरी ताकद या गप्पांत आहे. कायद्याचा धागा मात्र त्यातून नीट हाती लागत नाही, म्हणून वर तो जरा तपशिलाने सांगितला.

मग मॉड्स बंद का पडला?

पोलिसांमुळे नव्हे. १९८०च्या दशकात अनेकींनी दारू सोडली, एड्सच्या साथीने समाजाचं सगळं लक्ष आणि बळ वेधून घेतलं, आणि भेटायला बारखेरीज इतर जागाही झाल्या होत्या. स्ट्रायकर यांचाच दुसरा क्लब, व्हॅलेन्सिया स्ट्रीटवरचा ‘अमीलियाज’, १९९१ साली बंद झाला. स्ट्रायकर १९९४ साली वारल्या. बायकांच्या सॉफ्टबॉल संघांना पाठबळ देणाऱ्या आणि ‘गे गेम्स’च्या उभारणीत भाग घेणाऱ्या या बाईंचं नाव सॅन फ्रान्सिस्कोने एका खेळाच्या मैदानाला दिलं आहे.