वाळकं पान
(लेखांक ७)

मागच्या लेखात आपण रिओच्या माराकाना स्टेडियममधून बाहेर पडलो, ते १६ जुलै १९५० रोजी फुटबॉल विश्वचषकात उरुग्वेकडून हरलेल्या ब्राझीलच्या गर्दीबरोबर, खाली मान घालून. त्याच मैदानाचं उद्घाटन बरोबर महिनाभर आधी झालं होतं. तिथला पहिलावहिला गोल मारणारा एकवीस वर्षांचा तरुण त्या विश्वचषकाच्या संघात नव्हता. वाल्दीर परेरा त्याचं नाव. जग त्याला ‘दिदी’ म्हणतं. हसू नका! रिओतल्या उच्चारात तर ते ‘जीजी’ होतं, पोवाड्यात झीलकऱ्यांनी सूर धरावा तसं.

जन्म १९२८चा, कांपूस या गावचा. चौदाव्या वर्षी खेळताना गुडघ्याला झालेली जखम इतकी चिघळली, की पाय कापायची वेळ आली होती. पाय वाचला. पुढे मोठा खेळाडू झाल्यावर पुन्हा पाय दुखावला, तेव्हा नेहमीसारखा फटका मारणं जड जाऊ लागलं. मग त्याने चेंडूला पाय लावायची तऱ्हाच बदलली. फ्री किकचा चेंडू भिंतीवरून उंच जायचा, आता बाहेर गेला असं वाटेपर्यंत हवेत रेंगाळायचा आणि अचानक खाली यायचा. ब्राझीलमध्ये या फटक्याला ‘फोल्या सेका’ म्हणतात, म्हणजे वाळकं पान. झाडावरून पान गळताना पाहिलंय ना? ते नेमकं कुठे पडेल, सांगता येतं? गोलरक्षकांची तीच पंचाईत व्हायची.

एप्रिल १९५७. पुढच्या वर्षीच्या विश्वचषकाच्या पात्रता फेरीत पेरूविरुद्ध लिमात १-१ झालेलं. माराकानावरच्या दुसऱ्या सामन्यात दिदीचं एक पान गळलं, १-० झालं आणि ब्राझीलला स्वीडनचं तिकीट मिळालं. ते हुकलं असतं, तर सतरा वर्षांचा पेले १९५८ साली जगाला दिसलाच नसता.

मला मात्र त्याच्या गोलांपेक्षा त्याचं एक चालणं जास्त आवडतं. २९ जून १९५८, स्टॉकहोमजवळचं रोसुंडा मैदान, अंतिम सामना. चौथ्याच मिनिटाला स्वीडनच्या लीडहोल्मचा गोल. त्या स्पर्धेत ब्राझील प्रथमच मागे पडलं होतं आणि आठ वर्षांपूर्वीची जखम अजून ओली होती. दिदीने जाळ्यातला चेंडू काखोटीला मारला आणि तो मध्यरेषेकडे निघाला. धावत नव्हे, चालत. बाजारहाट करून घरी निघालेल्या माणसासारखा, वाटेत सोबत्यांना धीर देत. पाचेक मिनिटांत वावाने बरोबरी केली. शेवट ५-२. स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडू दिदीच ठरला. पळायचं काम चेंडूचं, आपलं नाही, असं तो म्हणायचा. मधल्या फळीतून चाळीस-चाळीस मीटरचे पास टाकणाऱ्याला ते शोभतही होतं.

१९५९मध्ये तो रेआल माद्रिदला गेला. तिथे दि स्तेफानोचं राज्य होतं. दोघांचं काही जमलं नाही आणि वर्षभरात स्वारी बोटाफोगो या आपल्या जुन्या क्लबात परतली. १९६२चा विश्वचषकही त्याने जिंकला.

नंतर तो प्रशिक्षक झाला, आणि नशिबाची गंमत अशी, की पेरूचाच. १९६९मध्ये त्याच्या पेरूने अर्जेंटिनाला त्यांच्याच घरात २-२ असं रोखून विश्वचषकाबाहेर ठेवलं. पुढच्या जूनमध्ये ग्वादलाहाराला उपांत्यपूर्व सामना होता ब्राझीलशी. समोर पेले, आणि ब्राझीलचा प्रशिक्षक झागालो, दोघेही १९५८चे सोबती. पेरू २-४ असा हरला. दिदी त्या दिवशी पेरूच्या बाकावर बसला होता.

पुढच्या आठवड्यात : बोटाफोगोतला त्याचा जोडीदार, वाकड्या पायांचा गारिंशा.